उसना गडी

मी आयुष्यात नऊ टीमकडून फुटबॉल खेळलो आणि एकाही टीमचा झालो नाही. हे मी रडगाणं म्हणून सांगत नाही, चांगली छाती फुगवून सांगतोय. त्या नऊ बनियनींपैकी सहा अजून माझ्या लोखंडी पेटीत आहेत. एक, राजुऱ्याची मॅच जिंकून परत येताना डोंगा कलंडला तेव्हा, वर्धा नदीने नेली. उरलेल्या दोन बायकोने कंदील पुसायला घेतल्या. त्यांतल्या एकीवर पाच नंबर होता. तो नंबर मिळवायला मी एका धिप्पाड फुलबॅकशी हमरीतुमरीवर आलो होतो, पण कंदिलाच्या काचेला त्याचं काय!

फुटबॉल म्हटलं की लोकांना कलकत्ता आठवतं. कलकत्ता शिडीचं वरचं टोक, तर आमचा फुटबॉल म्हणजे तिची मातीत रुतलेली पायरी. एकोणीसशे पन्नासनंतरची ती वर्षं. आजचे चंद्रपूर आणि गडचिरोली मिळून तेव्हा एकच चांदा जिल्हा होता. कोळशाच्या खाणी, कागदाचा कारखाना, रेल्वे, पोलीस, जंगलातले लाकूडडेपो, जो तो आपली टीम बाळगून. बरा खेळणारा दिसला की त्याला कामावर ठेवून घ्यायचे. दुपारी तीनपर्यंत काम, मग मैदान. पगार हातांच्या कामाचा मिळायचा, पण नोकरी पायांवर टिकायची. पाय चालले तर राहा, गुडघा सुजला तर गावी जा.

माझं गाव मूलच्या पुढे, धानाच्या बांध्यांमध्ये, म्हणजे भाताच्या खाचरांत. शाळेसाठी चांद्याला मामाकडे राहिलो. मामा पोलिसात शिपाई. पोलीस ग्राउंडवर कवायत संपली की बॉल निघायचा आणि मी काठावर उभा राहून बाहेर आलेला प्रत्येक बॉल इतक्या जोरात परत मारायचो की एक दिवस हवालदार ओरडला, "अबे, बाहेरून कायले मारतं? अंदर ये न!" झालं. शाळा सुटली ती सुटलीच. पाय मात्र अनवाणीच राहिले. मी काय, तेव्हा निम्मे खेळणारे अनवाणीच. अंगठ्याने बॉलला खालून उचललं की तो कुठे जाणार ते आम्हाला घोट्यातूनच कळायचं.

अठराव्या वर्षी चांद्याच्या दक्षिणेला एका कोलरीत, म्हणजे कोळशाच्या खाणीवर, लागलो. लागलो म्हणजे बदली म्हणून. बदली कामगार हा प्रकार समजून घ्या, कारण माझी सगळी गोष्ट त्यावर उभी आहे. भोंगा वाजला की हजेरीच्या खिडकीसमोर आम्ही पंचवीस-तीस बदलीवाले उभे. आत कोणी आजारी, कोणी दारू पिऊन पडलेला, कोणी लग्नाला गेलेला. त्याच्या जागी एक बदली आत. कोळशाचे टब, म्हणजे रुळांवरचे डबे, भरायचे, पाणी उपसायचं, जे पडेल ते. उद्याचं उद्या. कायम माणसाला खोली, गणवेश, दिवाघरात स्वतःच्या नंबरचा दिवा. बदलीवाल्याला कोणाचाही दिवा. दोन वर्षं मी लोकांचे दिवे घेऊन खाणीत उतरलो.

त्या खिडकीच्या आत हजेरीबाबू बसायचे. उंच, सुकलेले, बारा महिने काखेत काळी छत्री. हसताना त्यांना कोणी पाहिलं नव्हतं. त्यांचं घर बाबूंच्या लाइनीत, नेमकं मैदानाला लागून. आणि त्या घरात त्यांची मुलगी होती.

एका उन्हाळ्यात माझा एक फटका त्यांच्या अंगणात गेला आणि वाळत घातलेल्या कुरड्यांवर पडला. मी कुंपणाशी गेलो. ती बॉल दोन्ही हातांत धरून उभी.

"गोल तं तिकडे आहे न?" ती म्हणाली.

"हो."

"मंग आमच्या कुरड्यायनं काय केलं तुमचं?"

मी बॉल न घेताच मागे फिरलो. मी, ज्याला रेफरीशी भांडल्याशिवाय जेवण गोड लागत नसे! त्या उन्हाळ्यात माझा नेम फारच बिघडला. आठवड्यातून दोनदा तरी बॉल त्या अंगणात जायचा. आमचा कॅप्टन, सुताराच्या कामावरचा नागपूरचा माणूस, मला म्हणाला, "तुझा पाय बिघडला का डोकं?" मी म्हणालो, "दोन्ही."

मला धीर धरणं कधी जमलं नाही. एका सकाळी हजेरीच्या खिडकीतून मुंडकं आत घालून मी बाबूंना सरळच विचारलं. मागे सगळे बदलीवाले उभे. समाज एकच होता, ती अडचण नव्हती. बाबूंनी टाक खाली ठेवला नाही की मान वर केली नाही.

"बदलीवाल्याले मी पोट्टी नाई देत," ते म्हणाले. "आज आहे, उद्या नाई. कायम हो, मंग बोल. चल, हट, मांगच्याले येऊ दे."

मागच्यांनी पुढे कित्येक दिवस मला 'जावईबापू' म्हणून पिडलं. पण मी वाक्यातला पहिला भाग टाकून दिला आणि 'मंग बोल' एवढं घेऊन उड्या मारत मैदानावर गेलो.

आणि त्या साली संधी आली. पावसाळा उतरणीला लागला की जिल्ह्यातल्या टीमांची शिल्डची स्पर्धा असायची, दसऱ्याच्या आधी संपणारी. मॅनेजरसाहेबांनी आम्हाला ऑफिसपुढे उभं करून सांगितलं, की शिल्ड आणा, दसऱ्याला टीममधल्या बदलीवाल्यांना कायम करतो. आम्ही तिघं बदलीवाले होतो. साहेब पुढे म्हणाले, की कायम माणूस बूट घालून खेळेल. कोलरीची टीम अनवाणी दिसलेली त्यांना चालणार नाही.

बूट नागपूरहून आले. सगळे एकाच मापाचे, आणि ते माप माझं नव्हतं. टाचा सोलल्या, अंगठ्यावर टिचभर फोड. त्या बुटात माझा पाय मुका झाला होता. बॉल लागला की कुठे लागला तेच कळेना. पण कायम व्हायचं होतं! मी रोज संध्याकाळी फोडांना करंजीचं तेल लावायचो आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा ते दगड पायात चढवायचो. पोलिसांना हरवलं. रेल्वेला हरवलं. फायनल आमच्याच मैदानावर ठरली, आणि समोर आली जंगलातल्या एका लाकूडडेपोची टीम.

ही टीम म्हणजे आलापल्लीच्या बाजूचे गोंड-माडिया लोक, लाकडाचे लठ्ठे ओढणारे. सगळे अनवाणी. त्यांना फायनलला कोणी धरलंच नव्हतं. पण त्यांनी कागद कारखान्याला लोळवलं होतं. त्यांचा कॅप्टन चाळिशीचा, केसांत पांढरं, पोटऱ्या सागाच्या बुंध्यासारख्या. लाकडाच्या ट्रकमधून ते दुपारीच उतरले आणि मैदानाकडेला चूल मांडून स्वयंपाकाला लागले. आमच्या कॅप्टनने मोजलं. पुन्हा मोजलं. दहा.

अकरावा का नाही, तर तो त्यांच्या गावचा पेरमा होता, म्हणजे गावाची पूजा बांधणारा. नव्या धानाचा पंडुम, म्हणजे सण, नेमका त्याच दिवशी आला. पेरम्याने पूजा केल्याशिवाय गावात कोणी नव्या धानाचा दाणा तोंडात घालत नाही. शिल्डसाठी सगळ्या गावाला उपाशी कोण ठेवणार? तो थांबला. कोणाला त्यात नवल वाटलं नाही.

आता आमच्याकडची एक रीत सांगतो. धानाच्या रोवणीत एखाद्याच्या बांधीत माणूस कमी पडला तर शेजाऱ्याकडून गडी उसना आणायचा. तो गडी त्या दिवशी त्या घरचा. त्यांच्या घरी जेवायचं आणि त्यांचं काम आपल्या बांधीसारखं करायचं. दिवस मावळला की धन्याने त्याला हाताला धरून परत पोचता करायचा. ही रीत बांधीतून आमच्या मैदानावर आली होती. बाहेरून आलेल्या टीमला गडी कमी असला तर यजमान टीम रांगेत उभी राहायची, गोलकीपर सोडून. पाहुण्या कॅप्टनने बोट दाखवायचं. ज्याच्यावर बोट, तो त्यांचा. नाही म्हणायचं नाही. यजमान मग राखीव खेळाडू आत घ्यायचे.

रांग लावायची वेळ आली की आमच्यातल्या चांगल्या खेळाडूंना अचानक काय काय व्हायचं! कोणी लंगडतोय, कोणी पोट धरतोय, कोणी खोकतोय. त्या दिवशीही आमचा लेफ्ट आउट असा खोकला की मलाच काळजी वाटली. मी मात्र गाफील. मॅचला घटकाभर वेळ होता, तेवढाच पायांना आराम म्हणून मी बूट काढून ठेवले होते. रांगेत आलो तो तसाच. नऊ जणांच्या पायांत चकचकीत काळे बूट आणि मधोमध मी अनवाणी, छाती काढून, आज कायम होणार म्हणून आनंदाने नुसता फुललेला.

डेपोचा कॅप्टन रांगेसमोरून सावकाश चालत गेला. त्याने एकाचंही तोंड पाहिलं नाही. खाली पाहत होता. माझ्यापाशी थांबला, माझ्या पायांकडे पाहिलं, हसला आणि बोट वर केलं.

"हा," तो म्हणाला. "हा आमचाच दिसते."

मी आमच्या कॅप्टनकडे पाहिलं. त्याने खांदे पाडले. मैदानापलीकडे मॅनेजरसाहेबांची खुर्ची मांडलेली. कोळशाच्या ढिगाच्या उतारावर बाया-पोरी येऊन बसल्या होत्या, त्यांत ती. मी ओरडणार होतो, की मी नाही, माझ्याऐवजी दुसरा घ्या, मला आज जिंकायचंय! पण नाही म्हणायचं नसतं. मी बूट उचलायला वाकलो तर डेपोच्या कॅप्टनने हात धरला. "राहू दे ते. चाल, जेव पयले."

रीतच ती. पळसाच्या पानांची पत्रावळ, भात आणि वास्त्यांची आंबट भाजी, बांबूच्या कोवळ्या कोंबांची. भात जुन्या धानाचा होता, नवा अजून त्यांना चालत नव्हता. मी घास घेत होतो आणि गिळला जात नव्हता. ते दहा जण माझ्याकडे पाहून खुशीत होते. त्यांनी पेरम्याची बनियन मला दिली, हिरवी, ढगळ, धुराच्या वासाची. माझ्या नऊ टीममध्ये मी ही धरतो. एका दिवसाची टीम.

शिट्टी झाली. हजेरीबाबू छत्री घेऊन आमच्या गोलच्या, म्हणजे कोलरीच्या गोलच्या, मागे उभे. ते कधी कोणती मॅच पाहत नसत. त्या दिवशी आले होते.

काय खेळायचे हो ते डेपोवाले! ओरडणं नाही, भांडण नाही. लठ्ठा ओढताना दहा माणसांनी एकदम श्वास धरावा तसे सगळे एकदम हलायचे. ओल्या गवतावर आमचे बूटवाले घसरत होते आणि हे पायाची बोटं रोवून वळत होते. आणि माझे पाय! दोन महिन्यांनी उघड्या पायांना माती लागली, बॉलचं कातडं लागलं. नको नको म्हणत असतानाही मला मजा यायला लागली होती. तरी पहिला गोल कोलरीनेच मारला. सगळी कोलरी नाचली आणि मीही आतून नाचलो, हे कबूल करतो.

मग हाफटाइमच्या जरा आधी बॉल माझ्या पायात आला. समोर फक्त गोलकीपर. मी ज्याच्या खोलीत अंग टाकायचो तो माझा सोबती. त्याचा उजवा खांदा टबच्या धक्क्याने अधू झालेला, त्यामुळे तो उजवीकडे झेपावत नाही, हे साऱ्या जिल्ह्यात त्याला आणि मलाच माहीत. मी त्याच्या उजव्या अंगाला मारायचं की संपलं. मी वर पाहिलं. गोलच्या मागे काळी छत्री. आणि मी बॉल बाहेर मारला.

खोटं बोलत नाही. चुकला नाही, मुद्दाम मारला. छत्रीच्या बाजूने हातभर अंतरावरून गेला.

हाफटाइमला मी एका बाजूला जाऊन बसलो. मला वाटलं आता शिव्या पडणार, आणि पडल्या असत्या तर बरं झालं असतं, मी उलटून बोललो असतो. डेपोचा कॅप्टन पाण्याचा तुंबा घेऊन आला. मला पाजलं. मग माझ्यासमोर उकिडवा बसला आणि माझा उजवा पाय उचलून आपल्या मांडीवर घेतला.

"काटा लागला का, दादा?"

त्याने कनवटीची सुई काढली, तळवा थुंकीने पुसला आणि काटा शोधायला लागला. माझ्या वडिलांच्या वयाचा माणूस. बॉल बाहेर का गेला, याचं दुसरं कारण त्याच्या मनाला शिवलंच नव्हतं. जो पत्रावळीवर जेवला तो मुद्दाम बाहेर मारेल, हे त्याच्या जगात बसतच नव्हतं. काटा काही सापडेना. मग त्याला अंगठ्यावरचा फोड दिसला.

"अरे, बूट चावला याले!" तो मोठ्याने हसला आणि बाकीच्यांना गोंडीत सांगितलं. सगळे हसले, आणि एकाने धावत जाऊन कसला तरी पाला चुरून आणला, फोडावर दाबून चिंधीने बांधला. मला त्या क्षणी इतकी लाज वाटली की आजही ही ओळ लिहिताना कान गरम झाले आहेत. मी तंगडी सोडवून घेतली आणि उठलो.

"चाल," मी म्हणालो. "आता पाह्य."

बाजू बदलल्या तशी काळी छत्रीही चालत जाऊन कोलरीच्या नव्या गोलमागे उभी राहिली. दुसऱ्या हाफात मी कसा खेळलो ते मला विचारू नका, उतारावर बसलेल्या बायांना विचारा! मी बॉल घेऊन डावीकडे निघालो की उजवीकडचा डेपोवाला आपोआप जागेवर असायचा. ज्यांच्यासोबत दोन वर्षं खेळलो त्या कोलरीच्या प्रत्येकाची खोड मला पाठ. सेंटर हाफ दोनदा हूल दिली की चिडतो आणि जागा सोडतो. मी त्याला दोनदा हूल दिली. तो चिडला. जागा सुटली. मी बॉल मधे दिला आणि आमच्या, म्हणजे डेपोच्या, लेफ्ट इनने डोकं घातलं. एक-एक!

मैदान उसळलं. माझेच बदलीवाले मित्र मला आईबहिणीवरून शिव्या घालत होते. खोकणारा लेफ्ट आउट खोकला विसरून माझ्या नडग्या शोधत होता. बूट नडगीवर बसला, रक्त आलं, मी उठलो. आभाळ भरून आलं होतं, उजेड कमी होत चालला, रेफरी घड्याळ पाहायला लागला. डेपोच्या कॅप्टनने मागून एक लांब बॉल काढला. तो माझ्या पुढ्यात पडला, एक टप्पा घेतला. मी अंगठ्याने त्याला पुढे घेतलं आणि पळत सुटलो. एक मागे पडला. दुसरा घसरला. पुन्हा तेच. समोर माझा सोबती, मागे काळी छत्री.

मला छत्री दिसली. खोली दिसली, दिवा दिसला, कुरड्या दिसल्या. सगळं दिसलं. आणि मी त्याच्या उजव्या अंगाला, गवतापासून वीतभर, जीव खाऊन मारला.

जाळी नव्हतीच. बॉल दोन खांबांच्या मधून आरपार जाऊन हजेरीबाबूंच्या पायाशी थांबला. दोन-एक. शिट्टी.

डेपोवाल्यांनी मला उचललं. मी हसत होतो का रडत होतो, मला कळत नव्हतं. ते मला पंडुमाला चल म्हणत होते, नव्या धानाचा भात खायला. पण त्यांच्या कॅप्टनने मान हलवली. दिवस मावळत होता. त्याने माझा हात धरला, सगळ्या मैदानातून मला चालवत आमच्या कॅप्टनपाशी नेलं आणि म्हणाला, "घे, तुझा गडी. काम लय चोख केलं."

रीत अशी की मूळ धन्याने पुढे होऊन गड्याचा हात धरायचा. आमच्या कॅप्टनने साहेबांच्या खुर्चीकडे पाहिलं आणि दोन्ही हात खिशात घातले. डेपोचा कॅप्टन माझा हात धरून जरा वेळ तसाच उभा राहिला. त्याला ते कळेना. शेवटी त्याने माझा हात हळूच सोडला, आणि लाकडाचा ट्रक शिल्ड घेऊन जंगलाकडे निघून गेला. मी मैदानाच्या मध्यभागी एकटा. हिरवी बनियन परत करायचं दोघांच्याही लक्षात राहिलं नाही.

दुसऱ्या दिवशी भोंग्याला मी हजेरीच्या खिडकीसमोर उभा. एकेक नाव झालं. माझं आलं नाही. सगळे आत गेले. बाबू टाक पुसत होते.

"साहेबानं नाव काटलं तुझं," ते म्हणाले. "बदलीतूनबी."

"बरं," मी म्हणालो. वळलो.

"थांब." त्यांनी पहिल्यांदाच मान वर करून माझ्याकडे पाहिलं. "मी दिसलो होतो न तुले, गोलच्या मांगं?"

"दिसले."

"अन् तरी मारला?"

"हो."

"काऊन?"

मला मोठं काहीतरी बोलायचं होतं. सुचलं तेवढंच बोललो. "जेवलो होतो त्यांच्याकडं."

बाबूंनी टाक खाली ठेवला. मग म्हणाले, "पयल्या हाफातला बाहेर मारला होता तूनं. मुद्दाम."

"हो," मी म्हणालो.

"पाह्यला मी. माह्या छत्रीजवळून गेला. तवाच ठरवलं, याले पोट्टी द्याची नाई. कायम झाला तरी नाई."

"बरोबर आहे तुमचं."

"ऐक तं!" बाबू खेकसले. त्यांनी खाली हात घालून छत्री वर काढली. मधली दांडी सरळ दोन तुकडे. "हे पाह्य. दुसऱ्या हाफात मोडली. तू पळून राह्यला होता अन् मी इचा गळा आवळून राह्यलो होतो. लगनातली छत्री होती माही."

त्यांनी हजेरीचं बुक मिटलं, खिडकीची फळी अर्धी ओढली आणि आतूनच म्हणाले, "संध्याकाळी घरी जेवाले येजो."

फळी बंद झाली. मी तिथेच, भोंग्याच्या खांबाखाली, वेड्यासारखी उडी मारली. जेवायला ये, म्हणजे काय, ते आमच्याकडच्या माणसाला फोडून सांगावं लागत नाही.

त्या संध्याकाळी वाढायला तीच होती. कुरड्या तळल्या होत्या आणि माझ्या ताटात मुद्दाम सगळ्या मोडक्या वाढल्या होत्या.

कायम मी कधीच झालो नाही. कागद कारखाना, रेल्वेचं शेड, राजुऱ्याकडची खाण, जिथे पाय नेतील तिथे बदली म्हणून राहिलो आणि पाय थकेपर्यंत खेळलो. बूट पुन्हा घातले नाहीत. सासऱ्यांनी ती छत्री दुरुस्त केली नाही, तशीच खुंटीला टांगून ठेवली, आणि कोणी पाहुणा आला की ते आपण होऊन तिच्याकडे बोट दाखवायचे.

परवा पेटी उन्हाला टाकली तेव्हा हिरवी बनियन वर आली. मी बायकोला म्हणालो, ही तेवढी कंदिलाला घेऊ नको, उसनी आहे, परत करायची राहिली. ती बनियनीची घडी घालत म्हणाली, "राहू द्या. माह्या बापानं एक गडी एका सांजच्या जेवणाले उसना आणला होता. तो तरी परत कुठी केला?"